इकडील सर्व क्षेम

आपल्या घरातल्या पुस्तकांच्या कपाटाकडे एकदा नजर टाकावी. बऱ्याच मराठी घरांत तीन पुस्तके हमखास सापडतात : 'गीतारहस्य', 'गीता प्रवचने' आणि 'श्यामची आई'. पहिले मंडालेच्या तुरुंगात लिहिले गेले. दुसरे १९३२ साली धुळ्याच्या तुरुंगात अठरा रविवारी विनोबांच्या तोंडून निघाले आणि साने गुरुजींनी ते उतरून घेतले. तिसरे १९३३ च्या फेब्रुवारीत नाशिकच्या तुरुंगात अवघ्या पाच दिवसांत कागदावर आले. म्हणजे आजोबांचे पुस्तक, आजीचे पुस्तक आणि नातवाचे पुस्तक, तिन्ही तुरुंगातून आलेली. तेव्हा ऐन दिवाळीच्या अंकात, चकलीच्या ताटाशेजारी, तुरुंगाचा विषय काढल्याबद्दल वाचक रागावणार नाहीत अशी मी आशा धरतो. तुरुंग आपल्या घरात कधीच येऊन बसलेला आहे. आपण त्याच्याकडे तुरुंग म्हणून पाहत नाही एवढेच.

मात्र या तिन्ही पुस्तकांविषयी लिहिताना आपले समीक्षक एक गोष्ट हटकून करतात. बंदिवासात मनाला एकांत लाभतो, एकांतात चिंतन खोल जाते आणि खोल चिंतनातून ग्रंथ निर्माण होतो, अशी एक साखळी ते मांडतात. ही साखळी फारशी खोटी नाही. पण तिच्यामुळे तुरुंग म्हणजे एखादा सरकारी खर्चाने चालणारा ऋषींचा आश्रम वाटू लागतो. तुरुंगात असलेल्या माणसाला ग्रंथ क्वचितच सुचतो. घर मात्र रोज आठवते. धाकट्याची फी भरली का, आईचा दमा कसा आहे, वकिलाने पैसे मागितले का, पावसाच्या आधी कौले चाळली का, हे त्याचे खरे चिंतन असते. आणि ते ज्या वाङ्मयप्रकारात उतरते त्याचे नाव पत्र. तुरुंगातून आलेले आणि तुरुंगात गेलेले पत्र या प्रकाराकडे मराठी समीक्षेने चरित्राचे साधन म्हणून पाहिले, वाङ्मय म्हणून फारसे पाहिले नाही. या लेखात तसे पाहण्याचा प्रयत्न करावयाचा आहे.

आधी एका शब्दाविषयी. तुरुंगातल्या माणसाला भेटावयास जाणे याला आजही 'मुलाखत' म्हणतात. बाहेर या शब्दाचा अर्थ बदलून गेला. मुलाखत म्हणजे नोकरीसाठी द्यावयाची, नाहीतर नटाने वर्तमानपत्राला द्यावयाची. तुरुंगाच्या दारापाशी मात्र तो शब्द अजून आपल्या जुन्या अर्थाने, 'भेट' या अर्थाने, उभा आहे. असेच दुसरे एक वाक्य आहे. 'इकडील सर्व क्षेम असे, तिकडील क्षेम कळवीत असावे.' पूर्वीच्या प्रत्येक पत्राच्या आरंभी हे वाक्य असे. पुढे ते शाळेतल्या पत्रलेखनाच्या तासाला उरले आणि आता तेथूनही गेले. नवशिक्षितांनी त्याची पुष्कळ थट्टा केली, कारण ते साचेबंद होते, त्यात लिहिणाराचे मन नव्हते. परंतु तुरुंगातले पत्र वाचताना माझ्या ध्यानात आले की, या वाक्याची खरी जागा तीच होती. तेथे ते साचेबंद राहत नाही. पत्राच्या आरंभी जे वाक्य उपचार म्हणून येते तेच तेथे पत्राचा सगळा आशय होऊन बसते.

याचे कारण उघड आहे. साध्या पत्राला दोन माणसे लागतात. तुरुंगाच्या पत्राला तीन. लिहिणारा, ज्याला लिहिले तो, आणि या दोघांच्या मध्ये खुर्चीवर बसून पत्र उघडून वाचणारा अधिकारी. हा तिसरा वाचक मोठा विलक्षण असतो. त्याला पत्रातल्या कुणाशीही कर्तव्य नसते, पण त्याच्या संमतीवाचून एकही अक्षर पुढे सरकत नाही. प्रेमपत्र लिहिताना घरातले कोणी वाचील अशी भीती ज्यांनी अनुभवली असेल त्यांना याची थोडीशी कल्पना येईल. फरक एवढाच की, येथे वाचील की काय हा प्रश्नच नसतो, तो वाचणारच. मग लिहिणारा काय करतो? तो मोठे शब्द टाळतो, नावे टाळतो, दुःख टाळतो, आणि उरलेल्या जागेत घरची भांडीकुंडी मांडतो. या मांडणीत ज्याला कला दिसत नाही त्याने तुरुंगातली पत्रे वाचण्याच्या भानगडीत पडू नये.

आता प्रत्यक्ष ग्रंथांकडे वळू. आरंभ आगरकरांपासून केला पाहिजे. १८८२ साली कोल्हापूरच्या बर्वे प्रकरणात टिळक आणि आगरकर यांना चार महिन्यांची साधी कैद झाली आणि त्यांना मुंबईत डोंगरीच्या तुरुंगात ठेवण्यात आले. १७ जुलैला आत गेले, २६ ऑक्टोबरला सुटले. बाहेर आल्यावर आगरकरांनी 'डोंगरीच्या तुरुंगातील आमचे १०१ दिवस' हे पुस्तक लिहिले. तेव्हा त्यांचे वय सव्वीस होते, आणि पुस्तकाच्या पानापानावर ते सव्वीस वर्षे दिसतात. समाजसुधारणेच्या प्रश्नांवर दोघा मित्रांचे वाद रात्री इतके चढत की आवाज बंदोबस्ताच्या माणसांपर्यंत जाई, ही हकिकत प्रसिद्धच आहे. पुढे ज्या दोघांत कायमचे वितुष्ट आले ते एका कोठडीत गळ्यात गळा घालून बसलेले येथे भेटतात, म्हणून चरित्रकारांना हे पुस्तक प्रिय. मला ते वेगळ्या कारणाने प्रिय आहे. यात तुरुंग जवळचा आहे. तो समुद्रापलीकडे नाही, परक्या प्रांतात नाही. तो मुंबईच्या वस्तीत, रस्त्याच्या कडेला आहे. शिक्षा चार महिन्यांत सरणार हे ठाऊक आहे. म्हणून आगरकरांना हसता येते. स्वतःला हुतात्मा न समजता तुरुंगाविषयी लिहिणारा मराठीतला हा पहिला लेखक, आणि खरे सांगावयाचे तर त्यानंतर असे लिहिणारे फार थोडे झाले. हे पुस्तक म्हणजे सुटकेनंतर इष्टमित्रांना लिहिलेले एक लांबलचक पत्रच आहे. 'आम्ही असे होतो, असे खाल्ले, असे भांडलो. तुम्ही काळजी करीत होता ना? उगाच करीत होता!' हा त्याचा सूर. यात तिसरा वाचक नाही, कारण लेखक दाराबाहेर आलेला आहे. त्यामुळेच वाक्ये अशी हातपाय पसरून बसतात.

तुरुंग जसजसा दूर जातो तसतसे पत्र वाढते आणि हसू कमी होते. टिळक १९०८ साली मंडालेला गेले आणि १९१४ साली परत आले. तेथून त्यांनी भाचे धोंडोपंत विद्वांस यांना लिहिलेली पत्रे प्रसिद्ध आहेत. गीतारहस्याचा कर्ता या पत्रांत शोधू पाहणाराची काहीशी निराशा होते. पुस्तकांच्या याद्या, चालू असलेल्या खटल्यांविषयी सूचना, मुलांचा अभ्यास, मधुमेहाचे पथ्य. एखाद्या गावी गेलेल्या कर्त्या पुरुषाने घरी पाठवावीत तशी ही पत्रे आहेत. काही अभ्यासकांनी त्यांना 'रूक्ष' म्हटले तर मला नवल वाटणार नाही. मला ती तशी वाटत नाहीत. शेकडो कोसांवरून एक गृहस्थ आपले घर चालवण्याचा हट्ट धरून बसला आहे. सरकारने त्याला घरातून उचलले, पण घरातली त्याची जागा त्याने सोडलेली नाही. मुलाने कोणता विषय घ्यावा हे मंडालेहून कळवावयाचे, आणि ते उत्तर येईपर्यंत मुलाचा प्रश्नच शिळा झालेला असावयाचा, यातली करुणा टिळक कधी बोलून दाखवीत नाहीत. ती वाचकाने स्वतः हिशेब करून काढावी लागते. १९१०-११ च्या हिवाळ्यात त्यांनी गीतारहस्याचा खर्डा लिहिला तो शिसपेन्सिलीने, कारण शाई मिळत नसे. वह्याही बांधलेल्या आणि पाने मोजलेली. जेथे कोरे पानसुद्धा सरकारदप्तरी मोजून मिळते तेथे पत्रात भावना पसरून ठेवण्याची चैन कोण करील?

१९१२ च्या जूनमध्ये पुण्यात सत्यभामाबाई वारल्या. टिळकांना ते तारेने कळले. त्यांच्या सोबतीला स्वयंपाकासाठी दिलेला कुलकर्णी नावाचा कैदी होता. त्याने पुढे सांगितलेल्या आठवणींमुळे त्या दिवसांची काही माहिती आपल्याला मिळते. येथे मला थांबावेसे वाटते. चार वर्षे पुण्यातल्या त्या वाड्यात सत्यभामाबाईंनी कसे दिवस काढले, मंडालेहून आलेले पत्र घरात कोण मोठ्याने वाचून दाखवी, त्यातला कोणता भाग त्या पुन्हा वाचावयास लावीत, हे आपल्याला कोणी सांगितले नाही. टिळकांच्या पत्रांतली पुस्तकांची यादी आपण जपून ठेवली. त्या पत्रांना ज्या घरातून उत्तर जात होते त्या घराची बाजू मात्र कुणाला छापण्याजोगी वाटली नाही. कोणत्याही पत्रव्यवहाराचे असे अर्धेच पान छापले असते तर आपण संपादकाला दोष दिला असता. तुरुंगाच्या बाबतीत हे अर्धे पान आपल्याला पूर्ण वाटते.

सावरकरांच्या पत्रांत हा दोष अधिक ठळक होतो, कारण लेखक अधिक मोठा शैलीकार आहे. १९११ साली ते अंदमानला पोचले. तेथे घरी पत्र पाठवावयाचे ते वर्षाकाठी एक. १९१२ च्या डिसेंबरात त्यांनी धाकटे बंधू नारायणराव यांना पहिले पत्र लिहिले. वर्षातून एकदा लिहावयाचे पत्र हे पत्र राहत नाही. तो वार्षिक अहवाल होतो. एका कागदात बारा महिने बसवावयाचे, घरातल्या प्रत्येकाची चौकशी करावयाची, स्वतःच्या प्रकृतीविषयी खरेही वाटावे आणि भयही वाटू नये असे लिहावयाचे, आणि तरीही ज्या विचारांसाठी आपण येथे आलो त्यांना सोडलेले नाही हेही सुचवावयाचे. असे लिहिण्याला केवढी तालीम लागत असेल! महिनोन् महिने मनातल्या मनात घोकून घटवलेले गद्य आहे हे. त्याची भव्यता मी मानतो. पण मला असेही वाटते की, अशा गद्यातून घर हळूहळू नाहीसे होते आणि सभा दिसू लागते. धाकट्या भावाला लिहिता लिहिता लेखक कधी देशाला लिहू लागतो ते त्याचे त्यालाही कळत नाही.

'माझी जन्मठेप' मध्ये डोंगरीच्या तुरुंगातली एक भेट आहे. (ज्या तुरुंगात आगरकर हसत बसले होते तोच हा तुरुंग.) अंदमानची शिक्षा झालेल्या पतीला भेटावयास यमुनाबाई येतात. काड्या गोळा करून घरटे बांधणे, पिले वाढवणे हा संसार तर कावळेचिमण्याही करतात, अशा आशयाचे बोलून सावरकर त्यांना धीर देतात. हा प्रसंग मराठीत इतक्या वेळा सांगितला गेला आहे की, तो आता प्रसंग राहिला नसून सुभाषित झाला आहे. समीक्षकाने येथे एक साधा प्रश्न विचारावा : त्या भेटीतली किती वाक्ये त्यांची आणि किती यमुनाबाईंची? त्यांच्या वाट्याला फार थोडे शब्द येतात. जन्मठेपेवर निघालेल्या माणसाला पाहावयास आलेली ती तरुण स्त्री घरून निघताना काय ठरवून निघाली होती, आणि ठरवलेले काय बोलावयाचे राहून गेले? पुढची भेट व्हावयास १९१९ साल उजाडले. त्याच सुमारास थोरल्या बंधूंच्या पत्नी येसूवहिनी वारल्या. पतीला एकदा पाहावयास मिळावे म्हणून वर्षानुवर्षे त्यांनी परवानगीची वाट पाहिली. परवानगीचा कागद आला तेव्हा तो घेणारी व्यक्ती उरली नव्हती. माझ्या मते मराठी तुरुंगवाङ्मयातली सर्वांत मोठी शोकांतिका या एका ओळीत आहे, आणि ती कुणी लिहिलेली नाही. ती फक्त घडली.

बाहेरच्या माणसाचा मान राखणे हाही आतल्या माणसाच्या पत्रव्यवहाराचा भाग असतो, याचे एक उदाहरण मराठीबाहेरचे आहे, पण सांगितल्याशिवाय राहवत नाही. नेहरूंनी आत्मचरित्रात लिहिले आहे की, त्यांच्या आई आणि कमलाबाई अलाहाबादच्या जिल्हा तुरुंगात रणजित पंडितांना भेटावयास गेल्या असता तेथे त्यांचा अपमान करून त्यांना बाहेर काढण्यात आले. आपल्या भेटीला येतानाही आईवर पुन्हा असा प्रसंग येऊ नये म्हणून नेहरूंनी स्वतःच्या मुलाखतीच सोडून दिल्या आणि डेहराडूनच्या तुरुंगात जवळजवळ सात महिने ते कुणालाही न भेटता राहिले. मुलीला लिहिलेल्या इतिहासाच्या पत्रांचे कौतुक पुष्कळ झाले, ते योग्यच आहे. पण मला या सात महिन्यांच्या न झालेल्या भेटी त्या सर्व पत्रांहून अधिक बोलक्या वाटतात. गांधीजींचे याहून निराळे. १९३० साली येरवड्याहून ते दर मंगळवारी पहाटे आश्रमाला पत्र लिहीत, आणि त्या पत्रांचेच 'मंगलप्रभात' झाले. वार ठरलेला, विषय ठरलेला. तुरुंगाच्या वेळापत्रकावर आश्रमाचे वेळापत्रक बसवून त्यांनी भिंत असून नसल्यासारखी केली. पण हे सर्वांना साधणारे नव्हे.

आणि येथे मोठ्या माणसांची नावे बाजूला ठेवून मला एका लहान पत्राविषयी लिहावयाचे आहे. मी शाळेत असताना आमच्या वाड्यात मागच्या दोन खोल्यांत एक काकू राहत. त्यांचा मुलगा मारामारीच्या एका प्रकरणात जिल्ह्याच्या तुरुंगात न्यायबंदी म्हणून होता. खटला उभा राहत नव्हता, जामिनाला माणूस मिळत नव्हता. काकूंना अक्षरओळख नव्हती आणि माझे अक्षर बरे होते, म्हणून पंधरा दिवसांनी एक कार्ड मी लिहून देत असे. त्या सांगत, "लिही बाळ, चिरंजीवास आईचा आशीर्वाद. इकडे सर्व खुशाल आहे." वास्तविक त्या महिन्यात खोली गळत होती, आणि त्यांनी दोन घरची धुणी धरली होती. मी म्हणे, "काकू, गळतीचे लिहू का?" तर त्या म्हणत, "अरे, तो आतून काय वर चढून कौल बसवणार आहे का? लिही, पाऊस चांगला झाला." तिकडून उत्तर येई. त्यात लिहिलेले असे, माझी तब्येत उत्तम, जेवण चांगले मिळते, काळजी नसावी. पुढे तो सुटून आला तेव्हा वाड्यातल्या लोकांनी त्याला पटकन ओळखले नाही, इतका तो खंगला होता. दोन्ही बाजूंची सगळी पत्रे खोटी होती आणि दोघांनाही ते ठाऊक होते. कार्ड आले म्हणजे काकू ते माझ्याकडून वाचून घेत आणि मग हातात धरून बसत. अक्षर कुणाचे आहे एवढेच त्या पाहत. त्याचे स्वतःचे असले की माणूस धड आहे. त्या कार्डांतला खरा मजकूर तोच होता.

टिळकांची पत्रे रूक्ष का वाटत नाहीत ते मला त्या कार्डांवरून समजले. जेथे सत्य लिहिता येत नाही आणि लिहून उपयोगही नसतो तेथे पत्र बातमी देत नाही, हजेरी देते. 'मी आहे' आणि 'आम्ही आहोत' एवढीच दोन वाक्ये त्यात असतात. बाकीचा मजकूर ती वाक्ये गुंडाळून पाठवण्याचा कागद. समीक्षेत आपण सच्चेपणा, उत्कटता हे शब्द फार वापरतो. या दोन शब्दांनी तुरुंगाचे पत्र मोजू गेले तर ते नापास होणार. त्याची उत्कटता त्याने न सांगितलेल्या गोष्टींत असते आणि त्याचा सच्चेपणा ते नियमाने येत राहण्यात.

या दृष्टीने 'श्यामची आई' पुन्हा वाचून पाहावी असे मी सुचवीन. या पुस्तकाला भाबडे म्हणण्याची एक पद्धत आहे. अश्रूंचा अतिरेक आहे हे मीही नाकारणार नाही. पण नाशिकच्या तुरुंगात बसलेला तेहतीस वर्षांचा माणूस पाच दिवसांत, जवळजवळ श्वास न घेता, जे लिहितो ते कुणाला लिहितो? त्याची आई १९१७ सालीच गेलेली. शेवटच्या क्षणी तो तिच्याजवळ नव्हता. पुस्तकातला श्यामही वेळेवर पोचत नाही. ज्याला आईला पत्र लिहावयाचे आहे आणि जिचा पत्ता आता कुठल्याच टपालखात्याजवळ नाही, अशा कैद्याने लिहिलेले हे पत्र आहे. इतर कैद्यांच्या आया घरी होत्या. भेटीच्या दिवशी दाराशी येत असतील. गुरुजींच्या भेटीला कोण येणार? म्हणून त्यांनी तिला रात्रीमागून रात्र बोलावून आणले. असे पाहिले म्हणजे त्यातल्या बारीकसारीक घरगुती तपशिलांचा अर्थ बदलतो. ते उपदेशासाठी योजलेले दाखले राहत नाहीत. काकूंच्या कार्डातल्या 'पाऊस चांगला झाला'च्या जातीचे ते होतात.

एक निराळ्या प्रकारचे पत्रवाङ्मयही आपल्याकडे आहे, आणि ते साहित्याच्या पानांवर न छापता न्यायालयांच्या निकालपत्रांत छापले गेले आहे. १९६२ साली प्रभाकर पांडुरंग संझगिरी यांना भारत संरक्षण नियमांखाली मुंबईत स्थानबद्ध केले. आत बसून त्यांनी 'अणूच्या अंतरंगात' हे मराठी विज्ञानपुस्तक लिहिले, तेही सरकारची परवानगी घेऊन. हस्तलिखित छपाईसाठी पत्नीकडे पाठवू द्यावे असा त्यांनी अर्ज केला, तर नकार आला. सरकारचे म्हणणे असे की, स्थानबद्धाला ज्या सवलती नियमांत लिहून दिल्या आहेत त्यांत पुस्तक छापण्याची सवलत नाही. उच्च न्यायालयाने आणि १९६५ साली सर्वोच्च न्यायालयाने हे म्हणणे फेटाळले. न्यायमूर्ती सुब्बाराव यांच्या निकालाचा गाभा असा आहे की, ते नियम म्हणजे सवलतींची यादी नव्हे. ती बंधनांची यादी आहे. जे बंधन तीत नाही ते घालता येत नाही. मला हे वाक्य वाङ्मयदृष्ट्याही फार मोलाचे वाटते. कैद्याजवळ जे उरते ते कुणी दिलेले नसते. ते त्याचे मुळातच असते आणि काढून घेण्यातून वाचलेले असते. अणूविषयीचे एक पुस्तक नवऱ्याने बायकोकडे पाठवावयाचे, एवढ्या घरगुती गोष्टीसाठी देशाच्या सर्वांत मोठ्या न्यायालयाला बसावे लागले, यातला विनोद आगरकरांना नक्कीच आवडला असता.

१९७९ साली दिल्लीच्या तिहार तुरुंगातून सुनील बत्रा नावाच्या कैद्याने सर्वोच्च न्यायालयाच्या न्यायमूर्तींना पत्र लिहून दुसऱ्या एका कैद्याच्या छळाची हकिकत कळवली, आणि न्यायमूर्ती कृष्ण अय्यर यांनी त्या पत्रालाच अर्ज मानून निकाल दिला. पुढे १९८१ साली, दिल्लीतच स्थानबद्ध असलेल्या एका परदेशी बाईच्या प्रकरणात, नातलगांना महिन्यातून एकच भेट देणारा नियम न्यायालयाने रद्द ठरवला आणि कच्च्या कैद्यांप्रमाणे आठवड्यातून दोन भेटी मिळाल्या पाहिजेत असे सांगितले. आपल्या माणसांना भेटणे हा जगण्याच्या हक्काचाच भाग आहे, असा त्याचा अर्थ. १८९४ च्या तुरुंग कायद्यातही भेटीची तरतूद होती, पण 'योग्य वेळी' आणि 'योग्य निर्बंधांनी' अशा भाषेत. आणि योग्य काय ते ठरवणारा खिडकीच्या आत बसलेला. येसूवहिनींना हा १९८१ चा निकाल सत्तर वर्षे आधी हवा होता.

आज पत्राचे काय झाले आहे? जिल्ह्याच्या तुरुंगासमोर सकाळी गेल्यास दिसेल की, माणसे आहेत, कागद आहेत, पण पत्र नाही. नाव नोंदवावयाचे, ओळखपत्र दाखवावयाचे, आणलेली पिशवी बाहेर ठेवावयाची आणि नंबर लागला की जाळीच्या किंवा काचेच्या अलीकडे उभे राहावयाचे. काच असेल तेथे बोलणे फोनवरून. कॅन्टीनसाठी घरून मनीऑर्डर जाते, आणि पूर्वी मनीऑर्डरच्या कागदावर असे ती दोन बोटे जागा हाच कित्येकांचा शेवटचा पत्रव्यवहार होता. २०२० साली करोनाच्या साथीत भेटी बंद पडल्या तेव्हा मोबाइलवरून, पडद्यावर चेहरा पाहून मुलाखती सुरू झाल्या. तुरुंगातून घरी फोन करण्याची सोयही पुष्कळ ठिकाणी झाली. महाराष्ट्रातल्या तुरुंगांत 'गळाभेट' नावाचा उपक्रम चालतो. त्यात शिक्षा भोगणाऱ्या कैद्यांना आपल्या लहान मुलांना मध्ये जाळी न ठेवता भेटू देतात. नाव ज्याने सुचवले त्याला मराठी चांगले येत असले पाहिजे.

या सोयींना नावे ठेवण्याचा माझा मुळीच विचार नाही. कार्डाची वाट पाहत बसण्यापेक्षा आवाज ऐकू येणे केव्हाही बरे, आणि काकूंना फोन मिळाला असता तर त्यांनी माझ्या अक्षराकडे ढुंकूनही पाहिले नसते. २०२२ च्या सरकारी आकड्यांप्रमाणे देशातल्या दर चार कैद्यांतले तीन न्यायबंदी आहेत, म्हणजे ज्यांचा गुन्हा अजून ठरलेला नाही असे. त्यांच्या घरची माणसे इतिहास घडवावयास गेलेली नाहीत. ती फक्त वाट पाहत आहेत. त्यांचे बोलणे मिनिटांच्या हिशेबाने होते आणि संपते. टिळकांची यादी उरली, सावरकरांचा वार्षिक कागद उरला, कारण ते कागदावर होते. या फोनवरच्या संभाषणांचे काहीच उरत नाही. त्यातही, मला वाटते, निम्मा वेळ 'जेवलास का?' यातच जात असेल.

आगरकरांच्या त्या डोंगरीच्या तुरुंगात पुढे मुलांचे निरीक्षणगृह झाले. तेथेही भेटीचा दिवस असतो, आणि त्या दिवशी दाराशी उभ्या राहणाऱ्यांत बहुतेक बायकाच असतात.